कल्पित जगाचं पंचांग कसं बांधायचं: उरलेल्या दिवसांपासून सुरुवात

माझ्या पहिल्या कादंबरीच्या खर्ड्यात नायिका पौर्णिमेच्या रात्री किल्ल्यावरून पळते, नऊ दिवस चालते आणि दहाव्या रात्री पुन्हा पूर्ण चंद्राखाली नदी ओलांडते. तीन जणांनी खर्डा वाचला, कोणाच्याच लक्षात आलं नाही. चौथीने समासात लिहिलं, 'यांच्याकडे पौर्णिमा आठवड्याला असते का?' त्या रात्री मी वही घेऊन बसलो आणि माझ्या जगाला पंचांग दिलं. त्या कामात ज्या खड्ड्यांत पडलो, ते पुढे येतीलच.

बहुतेक लोक सुरुवात महिन्यांच्या नावांपासून करतात. बारा सुंदर नावं, प्रत्येकी तीस दिवस, तीनशे साठचं गुळगुळीत वर्ष. असं पंचांग लिहायला सोपं, पण गोष्टीच्या कामाचं नाही, कारण त्यात काहीच अडत नाही. खऱ्या पृथ्वीवर वर्ष ३६५.२४२२ दिवसांचं, चांद्रमास २९.५३०६ दिवसांचा, आणि यातलं काहीच कशात पूर्ण भाग जात नाही. माणसाने जी जी पंचांगं केली, ती या न जाणाऱ्या भागाशी केलेली तडजोड आहे. आपल्याकडच्या 'दुष्काळात तेरावा महिना' या म्हणीचा जन्मही तिथलाच. म्हणून आधी आकडे, मग माणसं, आणि नावं सगळ्यात शेवटी.

पायरी १: दोन आकडे ठरवा, आणि ते मुद्दाम वाकडे ठेवा

तुमच्या जगातलं वर्ष किती दिवसांचं, आणि एका अमावास्येपासून पुढच्या अमावास्येपर्यंत किती दिवस? एवढंच ठरवायचं. माझ्या जगाचं नाव तांबडखोरं. दोन लाल डोंगररांगांमधला नदीकाठ, भात आणि मीठ. तिथले आकडे असे:

वर्ष: ३८८.४ दिवस.
चांद्रमास: ३१.२५ दिवस.

आता भागाकार. ३८८.४ भागिले ३१.२५ म्हणजे १२.४२८८. म्हणजे वर्षात बारा महिने होतात आणि वर साधारण १३.४ दिवस उरतात. हे उरलेले दिवस कागदावर मोठ्या अक्षरात लिहून ठेवा, पुढचं सगळं त्यांच्यावर चालणार आहे. (आपल्याकडे चांद्रवर्ष ३५४ दिवसांचं, म्हणून तुटीचा आकडा जवळपास ११ दिवस.)

दोन चंद्र हवेत अशी हौस पुष्कळांना असते. ठेवा, पण गणित करून ठेवा. एकाचा महिना ३१.२५ दिवसांचा आणि दुसऱ्याचा ५० दिवसांचा असेल, तर दोन्ही पौर्णिमा एकाच रात्री यायला २५० दिवस लागतात, कारण पहिल्याचे आठ फेरे म्हणजे दुसऱ्याचे पाच. कथेत 'दुहेरी पौर्णिमा' दर चार प्रकरणांनी येत असेल, तर वाचक एक दिवस बोटं मोजतोच. मी स्वतः एकाच चंद्रावर भागवलं.

पायरी २: उरलेल्या दिवसांचं काय करायचं ते ठरवा

इथे घाई करू नका. माणसांनी यावर मोजून तीन-चार उत्तरं शोधली आहेत, आणि प्रत्येक उत्तर वेगळा समाज घडवतं.

एक उत्तर: उरलं तर उरू द्या. हिजरी सन असाच चालतो. बारा चांद्रमास झाले की वर्ष संपलं, त्यामुळे रमजान कधी उन्हाळ्यात येतो, कधी थंडीत, आणि साधारण ३३ वर्षांत सगळे ऋतू फिरून येतो. तुमच्या जगात असं असेल, तर सण आणि पीक यांचं नातं तुटलेलं असणार. 'सुगीचा सण' असं काही तुम्हाला ठेवता येणार नाही.

दुसरं उत्तर: चंद्राला विसरा, सूर्य धरा, आणि उरलेले दिवस एका गाठोड्यात बांधा. प्राचीन इजिप्तमध्ये तीस दिवसांचे बारा महिने आणि शेवटी पाच सुटे दिवस. माया लोकांच्या ३६५ दिवसांच्या वर्षात वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवस, जे अशुभ मानले जात. कथाकाराला या पाच दिवसांसारखी दुसरी देणगी नाही. कोणत्याच महिन्यात नसलेला दिवस म्हणजे कायद्यातली फट. त्या दिवशी केलेला करार कोणत्या महिन्यात नोंदवायचा?

तिसरं उत्तर आपलं: अधिक मास. तूट महिन्याएवढी साठली की एक महिना जास्तीचा घालायचा. आपल्याकडे हा साधारण ३२-३३ महिन्यांनी येतो. २०२३ मध्ये अधिक श्रावण होता, २०२६ मध्ये अधिक ज्येष्ठ. या उरलेल्या महिन्याभोवती लोकांनी काय काय रचलंय ते बघा: शुभकार्य नाही, पण जावयाला बोलावून धोंडे खाऊ घालायचे, तेहतीस अनारशांचं वाण द्यायचं. खगोलातली एक तूट थेट सासुरवाडीच्या स्वयंपाकघरात पोचली. पंचांग रुजलं की असं होतं.

तांबडखोऱ्यात मी हेच तिसरं उत्तर घेतलं. आता किती वर्षांत किती अधिक महिने? १२.४२८८ मधला अपूर्णांक ०.४२८८ हा ३/७ च्या अगदी जवळ आहे (३/७ म्हणजे ०.४२८६). म्हणून सात वर्षांत तीन अधिक महिने. पडताळा: सात वर्षांचे दिवस २७१८.८, ८७ महिन्यांचे दिवस २७१८.७५. फरक ०.०५ दिवसाचा. म्हणजे एक पूर्ण दिवस चुकायला १४० वर्षं लागतील. पृथ्वीवर हीच युक्ती १९ वर्षं आणि २३५ महिन्यांची आहे. अथेन्सच्या मेटन या खगोलज्ञाच्या नावाने ती ओळखली जाते, बाबिलोनमध्येही ती वापरात होती.

तुमचे आकडे वेगळे असले, तर अपूर्णांकाला जवळचा छोटा भाग शोधा: १/३, २/५, ३/८, ७/१९. छेद जितका लहान, तितका नियम गावकऱ्यांच्या तोंडी बसणारा.

माझ्याकडे अधिक महिना तिसऱ्या, पाचव्या आणि सातव्या वर्षाच्या शेवटी येतो. गावात त्याला 'उरला' म्हणतात. 'उरल्यात जन्मलेला' ही तिथे शिवीही आहे आणि कौतुकही.

महिन्यांचे दिवस? ३१.२५ म्हणजे ३१, ३१, ३१, ३२ असा चौकडा, एकूण १२५ दिवस. हा चौकडा महिन्याच्या नावाशी बांधलेला नाही, तो अखंड चालतो. देवळातला गुरव दोरीला चार गाठी मारतो, चौथी गाठ मोठी. कोणता महिना बत्तीसचा, हे त्या दोरीवरून कळतं. दोरी हरवली तर? माझ्या दुसऱ्या प्रकरणाचा विषय हाच आहे.

पायरी ३: अधिक महिना कोण जाहीर करतं?

ही पायरी लोक हमखास विसरतात. रोममध्ये जास्तीचा महिना घालायचा अधिकार पुरोहितमंडळाकडे होता, आणि तो राजकारणासाठी वापरला गेला: आपला माणूस पदावर असेल तर वर्ष लांबवा, विरोधक असेल तर महिना घालूच नका. गोंधळ इतका साठला की ज्युलियस सीझरला इसवीसनपूर्व ४६ हे वर्ष ४४५ दिवसांचं करून गाडी रुळावर आणावी लागली.

तांबडखोऱ्यात मी विचारलं, उरल्या महिन्यात कोणाचा फायदा? सावकार व्याज महिन्यावर घेतो. मिठागराचा मुकादम मजुरी वर्षावर ठरवतो आणि बारा हप्त्यांत देतो. सात वर्षांत मजुराला ८४ हप्ते मिळतात आणि व्याज ८७ वेळा द्यावं लागतं. तीन महिने त्याने हवेवर काढायचे. हे गणित मांडलं त्या दिवशी मला खलनायक मिळाला. तोवर मी काळ्या झग्यातला एक मांत्रिक घेऊन बसलो होतो. त्याला रजा दिली.

पायरी ४: आठवडा चंद्रातून काढू नका, बाजारातून काढा

आठवड्याला आकाशात आधार नाही. म्हणून तो सगळ्यात मोकळा आणि सगळ्यात चिवट. नायजेरियातल्या इग्बो लोकांचा बाजाराचा आठवडा चार दिवसांचा, जावामध्ये सात दिवसांच्या आठवड्याबरोबरच पाच दिवसांचं बाजारचक्रही चालतं आणि दोन्ही मिळून ३५ दिवसांनी तीच जोडी परत येते. पुण्यात पेठांना वारांची नावं आहेत, आणि आठवडी बाजार कुठल्या वारी भरतो हे गावाची ओळख सांगताना आजही येतं. उलट बाजूने बघा: फ्रान्सच्या क्रांतिकारकांनी दहा दिवसांचा आठवडा आणला, म्हणजे सुट्टी सातव्याऐवजी दहाव्या दिवशी. १८०६ सुरू होताच ते पंचांग गेलं. सोव्हिएत रशियाने १९२९ मध्ये पाच दिवसांचा आठवडा काढला आणि कामगारांच्या सुट्ट्या वेगवेगळ्या दिवशी वाटल्या. नवऱ्याची सुट्टी एका दिवशी, बायकोची दुसऱ्या. १९४० पर्यंत सात दिवसांचा आठवडा परत आला.

खोऱ्यात पाच मोठी गावं, पाच बाजार, म्हणून पाच दिवसांचा आठवडा. १२५ ला पाचने भाग जातो, त्यामुळे प्रत्येक चौकड्याची सुरुवात एकाच वारी. हे नशिबाने जमलं, पण जमल्यावर मी सोडलं नाही.

वारांची नावं ग्रहांवरून ठेवायची असतील तर एक खड्डा सांगतो. आपल्या वारांचा क्रम होऱ्यांतून, म्हणजे दिवसाच्या चोवीस तासांतून येतो. शनी, गुरू, मंगळ, रवी, शुक्र, बुध, चंद्र असा मंद गतीकडून जलद गतीकडे क्रम, प्रत्येक तासाला एक स्वामी, आणि दिवसाच्या पहिल्या तासाचा स्वामी त्या वाराला नाव देतो. २४ ला ७ ने भागून ३ उरतात, म्हणून दर दिवशी क्रम तीन घरं पुढे सरकतो: शनीनंतर रवी, रवीनंतर चंद्र, मग मंगळ. मी हौसेने पाच ग्रह आणि वीस तासांचा दिवस घेतला होता. वीसला पाचने भाग गेला, बाकी शून्य. म्हणजे माझ्या जगात कायम एकच वार. आठ पानं लिहून झाल्यावर हे कळलं. मग दिवस अठरा तासांचा केला. बाकी तीन, आणि वार फिरायला लागले.

पायरी ५: दिवसांना सरळ क्रमांक द्या

हे रटाळ आहे, पण याच्याशिवाय तारखा सांभाळता येत नाहीत. आपल्या ज्योतिषांनी याला अहर्गण म्हटलं: ठरवलेल्या आरंभापासून किती दिवस गेले, तो एकच आकडा. महिना, वर्ष, वार सगळं त्यातून काढायचं. एक्सेलच्या एका रकान्यात प्रसंग, शेजारी अहर्गण, बस.

एक उदाहरण पुरतं करून दाखवतो. तांबडखोऱ्यात २८ वर्षांत ३४८ महिने, म्हणजे ८७ चौकडे, १०,८७५ दिवस. समजा नायकाच्या जन्माआधी १२,००० दिवस गेलेत.

१२,००० मधून १०,८७५ वजा केले, उरले १,१२५. त्याला १२५ ने भागलं, बरोबर ९ चौकडे, म्हणजे ३६ महिने पूर्ण. आज सदतिसाव्या महिन्याचा पहिला दिवस. अठ्ठावीस वर्षांनंतरच्या पहिल्या वर्षाचे बारा, दुसऱ्याचे बारा, तिसऱ्याचे तेरा. सदतिसावा म्हणजे तिसऱ्या वर्षाचा तेरावा. मुलगा साल ३१ च्या उरल्या महिन्याच्या पहिल्या दिवशी जन्मला. १२,००० ला पाचने भागून बाकी शून्य, म्हणून पहिला बाजार.

मी १२,००० हा आकडा गोल म्हणून घेतला होता. गणिताने त्याला उरल्यात टाकलं. त्याचा वाढदिवस सात वर्षांत तीनदाच येतो, आणि सैन्यात भरतीचं वय वाढदिवसांवर मोजत असतील तर तो पस्तिशीतही कोवळाच.

पायरी ६: एक पंचांग पुरत नाही

१६७४ चा राज्याभिषेक घ्या. रायगडावर तो दिवस ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके १५९६, आनंदनाम संवत्सर. मुंबईकर इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन गडावर होता. इंग्रजांच्या वहीत ती ६ जून, कारण इंग्लंड अजून ज्युलियन पंचांगावर होतं. गोव्यातल्या पोर्तुगिजांनी ग्रेगरियन पंचांग केव्हाच घेतलं होतं, त्यांच्या लेखी तोच दिवस १६ जून. आणि त्या दिवसापासून राज्याभिषेक शक हा आणखी एक शक सुरू झाला. शिवाय मराठी कागदांत सुहूर सन चालत होताच: वर्षाचे आकडे अरबी शब्दांत, महिने मुसलमानी, पण वर्ष पालटणार सूर्य मृगात शिरला की. महसूल पिकावर येतो आणि पीक पावसावर, म्हणून त्याला मृगसाल म्हणत. एका दिवसाला इतकी नावं, आणि प्रत्येक नावामागे एक सत्ता.

कल्पित जगात निदान तीन तरी ठेवा.

शेतकऱ्याचं: आपल्याकडे जुन्या माणसांच्या तोंडी पाऊस नक्षत्रांवर चालतो. मृग लागला, आर्द्रा कोरडी गेली, पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. ही नक्षत्रं सूर्याची आहेत, तिथीची नाहीत, म्हणून मृग दरवर्षी ७-८ जूनच्या आसपासच लागतो. श्रावण मागेपुढे होतो, मृग होत नाही. तांबडखोऱ्यातही पेरणी महिन्यावर ठरत नाही. 'कावड्या' नावाचा तारा पहाटे डोंगरावर दिसला की नांगर जुंपतात.

देवळाचं: गाठींच्या दोरीचं, वर आलं ते.

सरकारचं: हे बहुधा सगळ्यात नेटकं आणि सगळ्यात कमी वापरातलं. आपलं राष्ट्रीय पंचांग मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने सुचवलं आणि २२ मार्च १९५७ ला, १ चैत्र १८७९ म्हणून, लागू झालं. ते राजपत्रावर असतं, आकाशवाणीवर ऐकू येतं. त्या तारखेवर लग्न ठरवलेलं मी अजून कोणी पाहिलेलं नाही.

दोन पंचांगं भांडतात ते अधिक मासावरून. टिळक पंचांगाची गणिताची बैठक वेगळी असल्याने त्यातला अधिक मास कधी कधी इतरांशी जुळत नाही, आणि कोकणात काही घरांचे गणपती इतरांच्या महिनाभर आधी बसतात, अशी वर्षं आलेली आहेत. एकच गाव, एकच देव, एक महिन्याचं अंतर. युद्धापेक्षा असल्या भांडणावर माझा जास्त भरवसा आहे.

पायरी ७: साल कुठून मोजायचं

राजाच्या जन्मापासून, देवाच्या अवतारापासून, हे सगळे करतात. लोक मात्र आपत्तीपासून मोजतात. 'पानशेतच्या पुराच्या वर्षी', 'बहात्तरच्या दुष्काळात', 'किल्लारीनंतर दोन वर्षांनी'. तांबडखोऱ्यात सरकारी कागदावर राजवंशाचा शक आहे, पण सगळे 'पूल पडल्यापासून' बोलतात. पूल राजानेच बांधला होता, म्हणून दरबारात हा शक उच्चारणं गुन्हा. मघाचं साल ३१ याच शकातलं.

पायरी ८: आता नावं

आपले महिने नक्षत्रांवरून आले: चैत्री पौर्णिमेचा चंद्र चित्रेजवळ, वैशाखीचा विशाखेजवळ. फ्रेंच क्रांतीच्या पंचांगात नावं हवेवरून होती: धुक्याचा महिना, बर्फाचा, उष्म्याचा. फ्रान्सपुरतं ठीक, पण फ्रान्सच्या उष्ण कटिबंधातल्या वसाहतींत बर्फाच्या महिन्याचं काय करायचं? तुमचं साम्राज्य मोठं असेल तर कामावरून किंवा हवेवरून पडलेली नावं सीमेपाशी खोटी पडतात, आणि ते खोटं पडणं वापरण्यासारखं आहे. माझी नावं पेरा, कोंब, गाळ, सोंगणी, खळं अशी आहेत. खालच्या मिठागरात भात पिकतच नाही, तरी मजूर सोंगणी महिन्यात हप्ता घ्यायला येतो आणि सोंगणी म्हणजे काय ते त्याला माहीत नसतं.

सोळा अक्षरी, जोडाक्षरांनी ठासलेली नावं ठेवू नका. 'परवा गाळाची आठवी ना?' असं पात्राला जेवता जेवता म्हणता आलं पाहिजे.

पायरी ९: भिंतीवर टांगून बघा

आपल्या घरातली दिनदर्शिका काढा आणि मागचा महिना बघा. दुधाचे खाडे, गॅस सिलिंडर लावल्याची तारीख, चतुर्थीभोवती गोल, कोणाच्या तरी वर्षश्राद्धाची खूण. आता तुमच्या जगातल्या एका घराचा एक महिना असाच भरा, पानभर, कादंबरीत येणार नाही असं समजून. मी भरलेल्या पानातून तीन नोंदी खाली देतो. पान मिठागरातल्या एका मजुराच्या बायकोचं आहे, लिहिता येत नाही म्हणून गावच्या पोराकडून लिहून घेतलेलं:

'खळ्याची एकतिसावी, चौथा बाजार. दोरीत मोठी गाठ आहे, म्हणजे उद्या संपतो. मुकादमाचा बारावा हप्ता आला.'

'उरल्याची पहिली, पहिला बाजार, पूल पडल्याचं एकतिसावं. पहाटे मुलगा झाला.'

'उरल्याची दुसरी, दुसरा बाजार. सावकाराचा माणूस येऊन गेला.'